जगात पहिली, गल्लीत तिसरी

आमच्या पिठाच्या गिरणीत नंबराचा नियम एकच: डबा आधी ठेवेल त्याचं दळण आधी. डबा ठेवून बाई भाजी घ्यायला गेली, तिथे तिला मावसबहीण भेटली, तास गेला, तरी डब्याची जागा हलत नाही. झाकणावर खडूने आडनाव आणि खाली 'बारीक' किंवा 'बट्टीचं'. बट्टीचं पीठ जाडसर लागतं, हे खान्देशात जन्मलेल्या माणसाला सांगावं लागत नाही. गव्हाचे डबे आधी उरकून घेऊन ज्वारी नंतर, आणि उडीद घातलेला कळणा सगळ्यात शेवटी, एवढी ढवळाढवळ मात्र मी करतो. त्यावरून वर्षातून दोनदा भांडण होतं. पहिला नंबर कोणाचा यावरून निवडणुका सोडल्या तर जामनेरात एवढीच भांडणं मी पाहिली आहेत.

अशाच एका सकाळी फोन आला.

"हॅलो सर, मैं गूगल की तरफ से बोल रही हूँ. क्या मेरी बात बिझनेस ओनर से हो रही है?"

मी मागे वळून पाहिलं. बिझनेस ओनर म्हणावं असं गिरणीत कोणी नव्हतं. भुवयांपर्यंत पांढरा झालेला मी होतो, सात डबे होते आणि तिकिटाच्या रांगेत बसावं तसं बसलेलं एक कुत्रं होतं.

"हां, बोलो. हमारा गिरणी है. गहू-ज्वारी दळके देते."

"सर, आपका बिझनेस गूगल पे दिख नहीं रहा है."

"रुको, मोटर बंद करता हूँ," मी म्हटलं.

मोटर बंद केल्यावरही ते दिसेना.

मग ती म्हणाली की मला एस.ई.ओ.ची नितांत गरज आहे. मला ऐकू आलं सी.ई.ओ. आमच्याकडे सी.ई.ओ. म्हणजे जळगावला जिल्हा परिषदेत बसतात ते. त्यांची गरज मास्तर लोकांना लागते, तीही बदल्यांच्या हंगामात. माझं त्यांच्याकडे काही काम नाही, असं मी नम्रपणे सांगितलं. बाई हसली नाही. तिच्यासमोरच्या कागदावर त्या जागी हसण्याची सूचना नसावी.

आणि मग तिने ते वाक्य टाकलं. "सर, आज वेरिफिकेशन नहीं हुआ, तो आपका बिझनेस गूगल पे 'स्थायी रूप से बंद' दिखाया जाएगा."

आता 'कायमचं बंद' हे शब्द पुण्या-मुंबईच्या माणसाला कसे लागतात ते मला माहीत नाही, पण जामनेरकराच्या ते थेट काळजात घुसतात. आम्ही पी.जे. पाहिलेली आहे. पाचोरा–जामनेर, अडीच फुटी रुळांवरची, 56 किलोमीटरची आमची छोटी गाडी. इंग्रजांच्या काळापासून शेंदुर्णी, पहूर करत डुलत यायची. तिच्यावर इतके विनोद झाले की शेवटी विनोदच गाडीच्या पुढे जाऊन स्टेशनवर वाट बघायचे. मार्च 2020 च्या लॉकडाउनमध्ये ती थांबली. थोड्या दिवसांचा प्रश्न आहे, असंच तेव्हा सगळ्यांना वाटलं होतं. पुन्हा ती निघाली नाही. आता रुंद रुळांची वाट बघणं चाललंय. तेव्हा चालती गोष्ट बघता बघता कायमची बंद होते, याबद्दल आम्हाला कोणी वेगळं पटवून द्यावं लागत नाही.

"भेजो किसी को," मी म्हणालो.

तिसऱ्या दिवशी एक तरुण आला. इस्त्रीचा शर्ट, गळ्यात ओळखपत्र, हातात टॅब. पद 'रिलेशनशिप मॅनेजर'. मुलगी बघायला आल्यासारखा तो संकोचून पोत्यावर बसला आणि उठला तेव्हा मागून माझा जवळचा नातेवाईक दिसत होता. मला तो 'सर' म्हणत होता. (पैसे जाईपर्यंत मी सर होतो, पैसे गेल्यावर अंकल झालो, आणि तक्रार केली तेव्हा मला आठ आकडी तिकीट नंबर मिळाला. माणसाची उतरण एवढ्या शिस्तीत होताना मी पहिल्यांदा पाहिली.)

त्याने तीन पॅकेजं दाखवली. सिल्व्हर, गोल्ड, प्लॅटिनम. हा मुलगा जळगाव जिल्ह्यात नवा होता. इथे सोन्याचं नाव काढलं की शेंबडं पोरही विचारतं, "कितीचं कॅरेट?" आजकाल आमच्या बायका भिंग लावून दागिन्यावरचा सहा अक्षर-आकड्यांचा हॉलमार्क नंबर वाचतात आणि मगच मजुरीवर येतात. मी सवयीने विचारलं, "या गोल्डमध्ये नेमकं काय येतं?" तो म्हणाला, "सर, कम्प्लीट डिजिटल प्रेझेन्स." मी विचारलं, मोडीत काय भाव येईल? त्याने टॅबवर पान उलटलं.

"तीस दिवसांत गूगलच्या पहिल्या पानावर, पहिला नंबर. गॅरंटी."

"कशात पहिला?"

"सर्चमध्ये, सर. जगात कुठूनही कोणी शोधलं तरी तुम्हीच दिसणार. ग्लोबल रीच."

मी गिरणीकडे पाहिलं. गिरणी हा धंदा असा आहे की त्याचं गिऱ्हाईक डोक्यावर डबा घेऊन किती लांब चालू शकतं, तिथे त्याची हद्द संपते. फार तर सायकलच्या कॅरिअरला बांधून पाचशे पावलं आणखी. शिकागोहून कोणी पायलीभर गहू घेऊन येण्याची शक्यता कमी होती. नेरीहूनही कोणी येत नाही, कारण नेरीला गिरण्या आहेत. हे सगळं मला कळत होतं. न कळून फसलेल्या माणसाबद्दल लोकांना दया तरी येते. माझं तसं नाही, मी कळत असताना फसलो.

कारण तो पुढे म्हणाला, "सर, कोपऱ्यावरच्या गिरणीवाल्यांनी कालच गोल्ड घेतलं."

कोपऱ्यावरची गिरणी म्हणजे आमच्या गल्लीतली पहिली. तिच्यापुढे शाळेजवळची. मग आम्ही. गल्लीत आमचा नंबर तिसरा, तोही वडिलांच्या काळापासून, आणि गल्लीत गिरण्या तीनच आहेत. वडील म्हणायचे, "आपल्याकडे येतो तो घाईचा नसतो." हे वाक्य ते अभिमानाने म्हणायचे की समजूत घालायला, ते मला अजून ठरवता आलेलं नाही. पण कोपऱ्यावरच्याने गोल्ड घेतल्याचं ऐकलं आणि दगडाला टाकी मारताना उडते तशी माझ्या डोक्यात ठिणगी उडाली. मी मोबाईल पुढे केला. मुलाने त्यात काहीतरी दाबलं, मला पिन टाकायला सांगितलं, आणि ऑटो-पे नावाची एक गोष्ट माझ्या खात्यात राहायला आली. भाडेकरू निदान भाडं देतो.

महिन्याभरात वेबसाइट आली. उघडल्यावर समोर निळं आकाश, हिरवं कुरण आणि हॉलंडची पवनचक्की. खाली एक गोरी बाई डोळे मिटून पाव हुंगत होती. आमच्या गिरणीला पंखासुद्धा नाही. 'आमच्याविषयी' या सदरात लिहिलं होतं की आम्ही 'अग्रगण्य फ्लोअर मिल' असून गुणवत्तेशी तडजोड करत नाही. पिठाचं इंग्रजी स्पेलिंग एक आणि फरशीचं दुसरं, एवढा तपशील गोल्डमध्ये येत नसावा, कदाचित प्लॅटिनममध्ये येत असेल. पीठ आणि फरशी यांत तडजोड झाली होती.

शिवाय एक लेख होता, पिठाचे दहा फायदे. त्यात 'जामनेरमधील सर्वोत्तम पिठाची गिरणी' हे शब्द मी मोजले तेवढे एकतीस वेळा होते. 'सकाळी उठल्यावर जामनेरमधील सर्वोत्तम पिठाची गिरणी आपल्या आरोग्यासाठी महत्त्वाची असते.' याला की-वर्ड म्हणतात, असं मला फोनवर समजावण्यात आलं. आमच्याच जिल्ह्यात आसोद्याच्या बहिणाबाईंनी जात्यावर दळता दळता ओव्या रचल्या. त्या गेल्या 1951 साली, पुस्तक निघालं 1952 साली, आणि ते घराघरांत गेलं. 'मॅडम, आपके ओवी में की-वर्ड बहुत कम हैं' असं सांगायला त्यांच्या दारात कोणी आलं नाही, हे मराठी भाषेचं भाग्य.

मग रिपोर्ट यायला लागले. रंगीत, वर चढत्या बाणांचे. इम्प्रेशन वाढले होते, रीच वाढला होता, एंगेजमेंट वाढली होती. गिरणीतले डबे मात्र सकाळी सात ते अकरा मोजून तेवढेच होते. मी विचारलं, हे इम्प्रेशन म्हणजे काय? तर म्हणे, तुमचं नाव कोणाच्या तरी पडद्यावर येऊन गेलं. त्याने पाहिलं का? पाहिलं असेलच असं नाही. वाचलं का? ते सांगता येत नाही. म्हणजे बसस्टँडवर मी उभा आहे, शंभर माणसं समोरून गेली, तर माझे शंभर इम्प्रेशन. या हिशोबाने बसस्टँडवर जाऊन बसलं तर आमचं ते कुत्रं तालुक्यात सगळ्यात मोठा ब्रँड ठरेल.

पहिल्या महिन्यात नऊ 'लीड' आल्या. लीड म्हणजे गिऱ्हाईक व्हायची शक्यता असलेला माणूस. पहिला फोन गुजरातेतून, मोरबीहून. मोरबी फरशीचं मोठं गाव. तो जामनेर तालुक्याची टाइल्सची डीलरशिप द्यायला तयार होता. दुसरा घरघंटी विकणारा. घरघंटी म्हणजे स्वयंपाकघरात मावणारी ती छोटी चक्की, जिच्यामुळे आमचा धंदा निम्म्यावर आला. ती त्याने मलाच दोन टक्के सवलतीत देऊ केली. तिघांनी 'फ्लोअर मिल' वाचून घरी फरशी घासायला माणूस पाठवता का, असं विचारलं. तीन फोन दुसऱ्या ऑनलाइन मार्केटिंग कंपन्यांचे होते. त्यांनी माझी वेबसाइट पाहिली होती, ती त्यांना फार आवडली होती, आणि त्यांचं म्हणणं असं की मी गूगलवर दिसत नाही.

नववी लीड मात्र खरी निघाली. पुण्याहून एक मुलगी बोलत होती, माहेर जामनेरचं. कळण्याचं पीठ हवं होतं, दोन किलो. तिथे मिळतं त्याला चव नाही म्हणाली. मला एकदम भरून आलं. पैसे वसूल झाले नसतील, पण कुठेतरी दगडाला दाणा लागला होता. मी विचारलं, "ताई, आमचा नंबर वेबसाइटवर मिळाला का?"

"नाही काका, मावशीने दिला. तिचं दळण तुमच्याकडेच असतं ना."

रिपोर्टमध्ये ती लीड कंपनीच्या खात्यावर जमा होती.

दरम्यान आमच्या गिरणीला लोकांचे अभिप्रायही यायला लागले होते. पाच-पाच तारे. एकाने लिहिलं होतं, 'अप्रतिम वातावरण, कपलसाठी उत्तम.' दुसरा म्हणत होता, 'खोल्या स्वच्छ, नाश्ता वेळेवर.' असल्या अभिप्रायांसाठी भारतीय मानक ब्यूरोने 2022 मध्ये एक मानक काढलं आहे, आय.एस. 19000. अभिप्राय गोळा कसे करावेत, तपासावेत कसे, छापावेत कसे, सगळं त्यात आहे. आमच्या गिरणीत ज्याने वेळेवर नाश्ता केला त्याने ते वाचलेलं नसावं. वातावरणाबद्दल मात्र त्या माणसाचं मी खोटं म्हणणार नाही. मिरची कांडपाच्या दिवसांत आमच्याकडे आलेलं कोणतंही जोडपं एकमेकांकडे बघून ढसाढसा रडतं.

हे सगळं फुटलं ते शाळेजवळच्या गिरणीवाल्यामुळे. एका लग्नाच्या पंगतीत तो माझ्या शेजारी बसला. वरणात बट्टी चुरता चुरता म्हणाला, "तुम्ही ते गोल्ड घेतलं म्हने, मंग मलेबी घ्यावं लागलं भो."

"मी? मी तर कोपऱ्यावरच्याने घेतलं म्हणून घेतलं!"

कोपऱ्यावरचा समोरच्या पंगतीत होता. त्याला बोलावलं. त्याला सांगितलं होतं की आम्ही दोघांनी घेतलंय, फक्त तोच मागे राहिलाय. तिघांनाही पहिल्या नंबराची गॅरंटी. एका गल्लीत तीन गिरण्या आणि तीनही पहिल्या! माझ्या गिरणीत एका वेळी एकच डबा पहिला असतो. तिथे तिन्ही डबे एकाच जागी ठेवून तिघांकडून दळणाचे पैसे घेतले होते.

तिथेच हात धुऊन आम्ही माझ्या मुलीला गाठलं. ती जळगावला इंजिनीअरिंग करते आणि लग्नाला आली होती. तिने दोन मिनिटांत उलगडा केला, आणि खरं सांगतो, त्या मुलाबद्दल माझा आदर वाढला. तो खोटं बोललाच नव्हता. मी 'बेस्ट कळणा फ्लोअर मिल सर्व्हिस प्रोव्हायडर जामनेर' या शब्दांना जगात पहिला होतो. कोपऱ्यावरचा 'टॉप व्हीट ग्राइंडिंग सोल्यूशन जामनेर'मध्ये पहिला. शाळेजवळचा 'हायजीनिक आटा चक्की एक्स्पर्ट'मध्ये. असं कोणी माणूस शोधत नाही, जन्मात शोधणार नाही, म्हणून तिथे गर्दी नाही, आणि गर्दी नाही म्हणून पहिला नंबर सोपा. कांग नदीच्या कोरड्या पात्रात एकट्याने पळायचं आणि शर्यत जिंकायची, तसं. त्याचं खरं अशा जागी ठेवलेलं होतं जिथे कोणी जात नाही.

"पण बाबा," मुलगी म्हणाली, "गूगलवर दुकानाची नोंद फुकट असते. पहिल्यापासून. आणि शोधात पहिल्या नंबराची हमी कोणीच देऊ शकत नाही, हे गूगलनेच लिहून ठेवलंय."

तिने ते पान वाचून दाखवलं. त्यात आणखी एक मजा होती. न विचारता असली पत्रं पाठवणाऱ्यांपासून सावध राहा, असं सांगताना गूगलने कबूल केलंय की ही पत्रं त्यांनाही येतात. म्हणजे कोणीतरी खुद्द गूगलला कळवलं होतं की आपली वेबसाइट पाहिली, पण आपण प्रमुख सर्च इंजिनांत दिसत नाही. ते ऐकून माझा निम्मा राग उतरला. गूगल आणि आमची गिरणी एकाच यादीत होतो.

उरलेला राग फ्लोरिडाने उतरवला, तीही बातमी मुलीनेच वाचून दाखवली. तिथल्या एका टोळीवर 2018 मध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने खटला भरला होता. यंत्राने फोन करायचे, गूगलशी नातं असल्याचं भासवायचं आणि छोट्या दुकानदारांना सांगायचं की पैसे भरा, नाहीतर तुमचं दुकान 'कायमचं बंद' दाखवू. शब्दसुद्धा तेच. शाळेजवळचा म्हणाला, "अमेरिकेतले लोकबी आपल्यासारखेच हाय का मंग?" त्याच्या आवाजात एवढं समाधान होतं की त्याचे पैसे वसूल झाले असावेत.

पैसे परत मागायचा प्रयत्न मी केला. तिकीट नंबर मिळाला, तो सांगितला मघाशी. मग एक गोड आवाज म्हणाला की रिफंड मंजूर आहे, फक्त त्यावरचा अठरा टक्के जीएसटी आधी भरावा लागेल. परत मिळणाऱ्या पैशांवर आधी पैसे! दळून झाल्यावर पिठाचे परत गहू करून देतो, फक्त त्यासाठी पायलीभर गहू आणा, असं मी गिऱ्हाइकाला सांगून बघायला हवं. मुलीने फोन घेतला, बंद केला, यू.पी.आय.च्या ॲपात शिरून ऑटो-पे रद्द केला आणि म्हणाली, "पैसे कटायच्या आदल्या दिवशी मेसेज येतो, वाचत नव्हता का?" मेसेज येत होते. माझ्या मोबाईलच्या काचेवर पिठाचा थर असतो. वेबसाइटचं नाव कंपनीने स्वतःच्याच नावावर घेतलं होतं, ती पवनचक्की त्यांना लखलाभ.

"आता आपली नोंद आपणच करू," मुलगी म्हणाली. त्यासाठी दुकान खरंच आहे हे सिद्ध करायला व्हिडिओ काढून पाठवावा लागतो. पूर्वी म्हणे ते पत्त्यावर पोस्टकार्ड पाठवायचे, त्यात आकडे असायचे. जगातली सगळ्यात हुशार कंपनी आपण खरे की खोटे हे पोस्टमनला विचारत होती, हे ऐकून मला फार बरं वाटलं. असो. मुलीने रस्ता दाखवला, गल्ली दाखवली, पट्टा, दगड, कुत्रं दाखवलं आणि मग थबकली.

"बाबा, बोर्ड कुठाय?"

व्हिडिओत बोर्ड दिसला तर काम लवकर होतं म्हणे. आमच्या गिरणीला बोर्डच नव्हता. वडिलांच्या काळापासून कधी नव्हता. आवाज हाच बोर्ड. माझ्या आख्ख्या डिजिटल प्रेझेन्समध्ये ही गोष्ट ना त्या बाईने विचारली होती, ना पोत्यावर बसून गेलेल्या त्या मुलाने, आणि तो तर बरोबर दारासमोर उभा राहिला होता.

पेंटरला बोलावलं. त्याने शिडी लावली, डबा ढवळला आणि विचारलं, "नाव काय टाकू?"

मी विचारात पडलो. लोक आमच्या गिरणीला 'शेवटची गिरणी' म्हणतात. ते लिहिणं बरं दिसलं नसतं. शेवटी वडिलांचं नाव घातलं, खाली 'पिठाची गिरणी', पेंटरने न सांगता कोपऱ्यात गणपती काढला आणि त्याचे पन्नास रुपये वेगळे लावले. निळ्यावर पिवळी अक्षरं. व्हिडिओ गेला, चार दिवसांत नोंद झाली. फुकट.

दुसऱ्या दिवशी सकाळी वडिलांच्या वेळेपासून येणारी एक आजी डोक्यावर डबा घेऊन दारापर्यंत आली. पायरीवर थांबली. मान वर करून बोर्डाकडे बराच वेळ पाहत राहिली. तिला वाचता येत नाही. मी आतून म्हटलं, "ये ना माय, ठेव डबा."

तिने डबा काही उतरवला नाही.

"काय रे भाऊ," ती म्हणाली, "गिरनी इकली का? नवा मालक आला वाटते." आणि मी मोटर बंद करून बाहेर येईपर्यंत ती शाळेजवळच्या गिरणीकडे वळलीसुद्धा होती.